तिसरा आग्रह

मनोहर, ही गोष्ट तुला सांगायचं मी कितीतरी वर्षं टाळलं. दर वर्षी वाटायचं, यंदा सांगून टाकू. मग कधी तुझा गुडघा आडवा यायचा, कधी माझा मोतीबिंदू. सत्तरीनंतर दोन मित्रांना एकाच दिवशी बरं वाटत असेल असा दिवस मिळणं कठीण असतं. मिळालाच तर तो वाया का घालवा, असंही वाटायचं.

गेल्या शनिवारी आपल्या मराठी मंडळींच्या कट्ट्याने तुझी शोकसभा घेतली. कौन्सिलच्या त्याच हॉलमध्ये, त्याच निळ्या प्लास्टिकच्या खुर्च्यांवर. अध्यक्षस्थानी मी होतो, कारण शनिवार कट्ट्याचा अध्यक्ष मीच, आणि सगळं दुखणं तिथेच आहे. रोहित बोलायला उभा राहिला. वाचकांसाठी सांगतो, रोहित आमचा सचिव. ऑस्ट्रेलियात, इथे वॉलॉंगॉंगला, युनिव्हर्सिटीत शिकायला म्हणून आला आणि इथलाच झाला. चाळिशी उलटली तरी कट्ट्यात तरुण गणला जातो, कारण हॉलच्या बुकिंगचा पासवर्ड त्याच्याकडे असतो.

"सातपुते काकांकडे अध्यक्षपद चालून आलं होतं," रोहित म्हणाला. "त्यांनी एकदा नाही, दोनदा नको म्हटलं. असा निःस्पृह माणूस मी तरी दुसरा पाहिला नाही." मागच्या रांगेत कुणीतरी नाक शिंकरलं. मग तो माझ्याकडे वळला. "काका तर साक्षीदार आहेत."

मी मान हलवली. अध्यक्षाने हलवावी तशी, सावकाश.

मग ठरलं की समुद्राकाठच्या वाटेवर तुझ्या नावाचं बाकडं बसवायचं आणि त्यावरच्या पितळी पट्टीवर तुझ्या नावाखाली एकच शब्द कोरायचा, 'निःस्पृह'. आणि वार्षिक अंकासाठी तुझ्यावर लेख लिहायचा मी.

तर लिहितो. तू निःस्पृह नव्हतास. भुकेल्या माणसाला ताट हवं असतं तसं तुला ते पद हवं होतं. आणि हे तुझ्या घरच्या कुमुदवहिनी सोडल्या तर जगात एकट्या मला माहीत होतं.

आपली ओळख लायब्ररीत झाली. मी पोलाद कारखान्यातून नुकताच निवृत्त झालो होतो आणि झेरॉक्सच्या मशीनशी मराठीत भांडत होतो. तू कायमचा लेकीकडे राहायला आला होतास आणि लायब्ररीने विकायला काढलेल्या जुन्या पुस्तकांच्या गाड्यापाशी उभा होतास. ओळख ना पाळख, माझी मराठी ऐकून सरळ माझ्याकडे आलास. हातात उशीएवढं जाड पुस्तक.

"अहो, हे बघा. चीनचा बादशहा फायलीवर काय शेरा मारायचा, माहितीय? लाल शाईत. 'कळलं'. बस्स, एवढंच."

"बरं, मग?"

"मग काय? मी मंत्रालयात जन्मभर फायलींवर 'पाहिले' वाचत आलो. मला वाटायचं, हा शोध आपला."

मंत्रालयात कक्ष अधिकारी म्हणून आयुष्य काढलेल्या माणसाला चीनचा दरबार अजिबात परका वाटला नाही, ह्याचं मला तेव्हा नवल वाटलं. नंतर वाटेनासं झालं. बादशहाच्या कानाशी लागणारे खोजे म्हणजे मंत्र्यांचे पीए. सीमेवरच्या सुभेदाराने पाठवलेला अर्ज वाटेत दाबून ठेवणारा कारकून तर तू नावानिशी ओळखायचास, फक्त तो तुझ्या आठवणीत तिसऱ्या मजल्यावर बसायचा. तांग, सुंग, मिंग, छिंग, सगळी घराणी तू अशी सांगायचास की जणू कालपर्यंत त्यांच्याकडे बदलीवर होतास.

हायवेलगतच्या त्या मोठ्या चिनी बौद्ध मंदिरात तू एका भिक्षूला गाठून मिंग दरबारातल्या गटबाजीबद्दल विचारलंस. त्याने तुला हात धरून चहाच्या खोलीत नेऊन बसवलं आणि तो निघून गेला. मग तो चिनी वंशाचा डेंटिस्ट. तोंडात नळी असताना तू हातवारे करून त्याला थांबवलंस आणि नळी निघाल्या निघाल्या विचारलंस, "डॉक्टर, तुमच्या मते छिंग घराण्यातल्या त्या राजमातेने भाच्याला विष घातलं का?" तो बिचारा म्हणाला, "मेट, माझे आजोबा मलेशियात टायर विकायचे." तू दाढेचं दुखणं विसरून घरी आलास आणि मला फोन करून म्हणालास, "ह्या लोकांना स्वतःचा इतिहास माहीत नाही रे." मी म्हटलं, "तुला पेशव्यांच्या सनावळ्या येतात का?" तू फोन ठेवलास.

त्या फोनपर्यंत आपण अहो-जाहोवरून अरे-तुरेवर आलो होतो. रोज सकाळी दीपगृहापासून चालायला लागायचो. दक्षिणेला माझ्या कारखान्याच्या चिमण्या, समोर आत शिरायची वाट बघत उभी असलेली जहाजं, आणि शेजारी तू, बोलत. मी ऐकायचो. मी जन्मभर ऐकणारा माणूस. कारखान्यातही भट्टी बोलायची, साहेब बोलायचे, मी ऐकायचो.

एकच वाद मी नेटाने लढवला, आणि तो तसाच राहिला. चीनच्या साऱ्या इतिहासात स्वतःच्या नावाने सिंहासनावर बसलेली ती एकच बाई. तिच्या थडग्यापाशी उभा केलेला मोठा शिलालेख कोराच आहे. एक अक्षर नाही. तुझं म्हणणं, "गर्व. माझ्याबद्दल काय लिहिणार तुम्ही, असं म्हणाली ती." माझं म्हणणं, "भीती. पुढचे लोक काय लिहितील हे तिला ठाऊक होतं." तू म्हणायचास, "तुला बायकांचं काही कळत नाही." मी म्हणायचो, "तुला कळत असतं तर कुमुदवहिनींनी तुला भाजी निवडायला बसवलं नसतं." एवढ्यात दीपगृह परत यायचं. आता ह्यात तुझं म्हणणं जास्त बरोबर वाटायला लागलंय, पण ते तुला सांगायची सोय राहिली नाही, त्यामुळे मी माझी बाजू सोडत नाही.

मूळ गोष्टीकडे येतो. लांबवतोय, हे तुला कळलंच असेल.

त्या हिवाळ्यात कट्ट्याचे पहिले अध्यक्ष जोशीसर मुलाकडे ॲडलेडला, मॉसन लेक्सला, कायमचे निघाले. पुढच्या सभेत ते तुझं नाव सुचवणार, हे त्यांनी तुझ्या कानावर घातलं. दुसऱ्या दिवशी फिरायला आलास तेव्हाचा तुझा चेहरा मी आधी कधी पाहिला नव्हता. नातीचं बारसं असल्यासारखा.

"अरविंदा, पण हे असं सरळ घेता येत नाही."

"का? देतायत तर घे."

"लगेच घेणारा हावरट दिसतो. हान घराणं संपलं तेव्हाचं सांगतो. नवा बादशहा फौजेसकट दारात उभा. जुन्याने सिंहासन देऊ केलं. हा म्हणाला, नको, माझी योग्यता नाही. परत देऊ केलं. परत नको. मग सगळे मंत्री आले, काकुळतीला आले, कुठे पिवळा ड्रॅगन दिसला म्हणाले, प्रजेसाठी घ्या म्हणाले. तेव्हा कुठे तो बसला. तोही नाइलाज झाल्यासारखा."

"आणि फौज?"

"फौज होतीच ना. पण रीत म्हणून काही असते."

"म्हणजे आपल्या पंगतीतल्या जिलबीसारखं."

तू मधेच थांबलास. मागून सायकलवर येणारी एक बाई घंटा वाजवत वळसा घालून गेली. "बरोबर," तू म्हणालास. "पहिल्या वाढपाला कधी जिलबी घेतो का आपण? ताटावर हात आडवा धरायचा, पण बोटं फाकवून. वाढणाऱ्याला कळलं पाहिजे की जागा आहे."

मग तू मला माझं काम सांगितलंस. जोशीसर नाव सुचवतील, तू नको म्हणशील. कुणीतरी पुन्हा म्हणेल, तू पुन्हा नको म्हणशील. तिसऱ्यांदा मी उठायचं.

"उठून काय म्हणू?"

"म्हण, सातपुते, तुमची इच्छा नसेल, पण कट्ट्याची इच्छा आहे."

"एवढंच? रडू का थोडं?"

"नको, तुला जमायचं नाही. ड्रॅगनही आणू नकोस."

ते वाक्य तू माझ्याकडून पाठ करून घेतलंस. फिश ॲण्ड चिप्सच्या दुकानासमोर उभं करून, हात कुठे ठेवायचे ते दाखवून. एक सीगल आपल्याकडे फार संशयाने बघत होता. परत चालायला लागल्यावर म्हणालास की मंत्रालयात तुझं उपसचिवपद अगदी हाताशी येऊन गेलं, आणि त्या खुर्चीवर जो बसला त्याच्या सत्काराचं भाषण लिहायचं कामही तुझ्याच टेबलावर आलं. "चांगलं झालं होतं भाषण," म्हणालास. "सगळे म्हणाले."

म्हणून म्हणतो, मला माहीत होतं. तुला ते पद का हवं होतं, किती हवं होतं, सगळं.

सभेच्या दिवशी तू नवा जोधपुरी कोट घालून आलास. इथल्या जुलैचा गारठा होता म्हणून कोट खपून गेला. कुमुदवहिनींनी एस्कीच्या थंड पेटीत बर्फावर ठेवून घरचं श्रीखंड आणलं होतं. "सहज केलं," म्हणाल्या. एवढ्या माणसांना पुरेल इतकं श्रीखंड सहज होत नाही, हे हॉलमधल्या प्रत्येक बाईला कळलं असणार.

जोशीसरांनी तुझं नाव घेतलं. तू उठून म्हणालास, "माझी तेवढी योग्यता नाही." छान म्हणालास. दुसऱ्यांदा नाव आलं. तू म्हणालास, "माझ्यापेक्षा जाणती माणसं इथे आहेत, मला क्षमा करा." त्याहून छान. खाली बसलास आणि माझ्याकडे बघितलंस. चहाच्या भांड्यातलं पाणी उकळायला लागल्याचा आवाज येत होता.

मी उठलो. वाक्य तोंडात तयार होतं. आणि मी म्हणालो, "त्यांची इच्छा नसेल तर आपण बळजबरी करू नये. आपण आता ऑस्ट्रेलियात राहतो. इथे नो म्हणजे नो."

लोकांनी माना डोलावल्या. दोघांतिघांनी टाळ्या वाजवल्या. काय सुधारलेला माणूस आहे, असं त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. जोशीसर गोंधळले, इकडेतिकडे बघितलं, आणि मी उभा होतो म्हणून मला म्हणाले, "मग अरविंदराव, तुम्हीच का नाही होत?"

मी म्हणालो, "बरं."

एकदाही नको म्हटलं नाही, मनोहर. हान घराण्यापासून आजपर्यंत इतक्या निर्लज्जपणे कुणी गादी घेतली नसेल.

का केलं, ह्याचं उत्तर मी स्वतःला इतक्या प्रकारांनी दिलंय की आता खरं कुठलं ते निवडावं लागतं. खरं असं आहे. उठताना मला तुझा कोट दिसला. मला वाटलं, हा रोज बोलतो, मी ऐकतो. आता हा पुढे बसून बोलणार आणि मी समोर बसून ऐकणार. कारखान्यात माझा वरिष्ठ रजेवर गेला की मी त्याचं काम बघायचो, तो आला की परत माझ्या जागेवर. उभ्या आयुष्यात माझं नाव कुणी एकदाही सुचवलं नव्हतं. आणि इथे एक माणूस आलेलं पद दोनदा नाकारत होता, केवळ शोभा म्हणून. एवढंच वाटलं. फार तर दोन श्वास. मग तोंड उघडलं आणि ते वाक्य बाहेर पडलं.

श्रीखंडाच्या वाट्या तूच फिरवल्यास. माझ्यापाशी आलास आणि म्हणालास, "घ्या, अध्यक्ष." मी नको म्हटलं. "घ्या हो, कुमुदने केलंय." मी म्हटलं, खरंच नको. "असं कसं? तुमच्यासाठीच आहे." तू मला तिन्ही वेळा आग्रह केलास. श्रीखंड उत्तम झालं होतं. मी आजवर खाल्लेलं सगळ्यात वाईट श्रीखंड ते.

त्यानंतर काही महिने तू कट्ट्यावर यायचा थांबलास. फिरायलाही नाही. विचारलं की गुडघा. माझी बायको सुलभा, जिच्यापासून मी ही गोष्ट लपवली पण लपली नाही, ती एक दिवस म्हणाली, "तू काय केलंस त्यांना?"

"मी? मी काहीच केलं नाही."

"काहीच न करता माणूस इतका रुसतो होय?"

मी लॅमिंग्टन केकचा डबा घेऊन तुझ्या दारात उभा राहिलो. दार तूच उघडलंस, अजिबात न लंगडता.

"या, अध्यक्ष. मिंग घराण्याचा एक बादशहा कित्येक वर्षं दरबारात फिरकलाच नाही. मंत्र्यांनी त्याच्या मनासारखा वारस नेमू दिला नाही म्हणून. आजारी आहे म्हणायचा."

"आणि होता का खरंच आजारी?"

"थोडाफार असेलही. आत या, चहा ठेवलाय."

तेव्हा बोलायला हवं होतं. मी लॅमिंग्टन खाल्ला आणि म्हणालो की ह्यात खोबरं जरा जास्त आहे.

पुढच्या शनिवारी तू आलास आणि शेवटच्या रांगेत बसलास. चीनच्या दरबारात म्हणे बादशहाच्या चुका दाखवायलाच खास अधिकारी नेमलेले असत, आणि काही जणांना त्यापायी भर दरबारात फटके खावे लागत. ते काम तू बिनपगारी स्वतःकडे घेतलंस. अध्यक्षांचं भाषण लांबलं. चहा गार होता. मागच्यांना ऐकू येत नाही. आजींच्या खुर्चीला हात नाहीत. प्रत्येक वेळी मनात मी तुला फटके दिले, आणि प्रत्येक वेळी तुझं बरोबर होतं. लोक म्हणतात अध्यक्षांनी कट्टा चांगला चालवला. त्यांनी शेवटच्या रांगेकडे बघावं.

पहिलं वर्ष संपताना मी ठरवलं की आता खाली उतरायचं आणि तुझं नाव सुचवायचं. तेवढ्यानेच फेड झाली असती. मी उभा राहून म्हणालो, "आता दुसऱ्या कुणीतरी..." आणि पुढचं नाव घ्यायच्या आत तू उठलास. "नाही, अध्यक्ष, असं करू नका." मी पुन्हा सुरुवात केली. तू पुन्हा उठलास. तिसऱ्यांदा हात नीट पोटावर ठेवून म्हणालास, "तुमची इच्छा नसेल, पण कट्ट्याची इच्छा आहे."

सगळे हसले, टाळ्या झाल्या, आणि मी परत अध्यक्ष झालो.

असं दर वर्षी. त्या वाक्याची लोक वाट बघायला लागले, आरतीची बघतात तशी. मी समजायचं ते समजलो. ही शिक्षा होती. मला पदाचा कंटाळा आला होता. हॉलच्या किल्ल्या, विम्याचे फोन, चहाच्या भांड्याचा तो गळका नळ. एका गणपतीला अलार्मचा कोड चुकला आणि मी सिक्युरिटीवाल्यासमोर हातात उकडीच्या मोदकांचं ताट घेऊन शपथेवर सांगत होतो की मी चोर नाही. तो म्हणाला, "नो वरीज, पण मग तुम्ही कोण?" मी म्हणालो, "प्रेसिडेंट." मागे उभा राहून तू इतका हसलास की तुझी कवळी सरकली. गादी बळकावणाऱ्याला गादीवरच डांबून ठेवायचं, ही कल्पना तुलाच सुचणार, असं मला वाटायचं. मनातल्या मनात मी तिला दादही द्यायचो.

पण त्या काळात आपण परत फिरायलाही लागलो होतो. माझ्या सुलभाचं ऑपरेशन झालं तेव्हा रोज दुपारी डबा घेऊन तूच यायचास, आणि तिला बरं वाटावं म्हणून सुंग घराण्याच्या पडझडीची गोष्ट हप्त्याहप्त्याने सांगायचास. ती म्हणायची, "भूल उतरली की भाऊजी चालू होतात." घरी आल्यावर पुढचा हप्ता तिनेच मागितला. हे सगळं मी घेत राहिलो. ह्यालाही नको म्हटलं नाही.

शेवटच्या आठवड्यात मी हॉस्पिटलमध्ये आलो तो ठरवून आलो होतो. पार्किंगमध्ये गाडीत बसून वाक्य म्हणून पाहिलं. तुझी नात ईरा पलंगाशी बसली होती. "आजोबा, युअर प्रेसिडेंट इज हिअर," म्हणून ती कॉफी आणायला गेली.

"मनोहर, त्या दिवशी हॉलमध्ये..."

"थांब, आधी हे ऐक. नाहीतर विसरेन. बादशहा मेला की त्याला नवं नाव देतात. शूर, विद्वान, दयाळू. एका शब्दात निकाल."

"मग वाईट बादशहाला वाईट नाव?"

"कधीकधी. पण देणारा कोण? पुढचा जो बसलाय, त्याचा दरबार. त्यामुळे जरा जपूनच वाचायचं ते." दम लागला होता तुला. नळी सारखी करून म्हणालास, "माझं काय ठेवशील?"

"बडबड्या."

तू हसायला लागलास. खोकला आला, मशीन वाजायला लागलं, नर्स आली आणि म्हणाली, "जेंटलमेन, आजच्यापुरतं पुरे." मी म्हणालो, "उद्या येतो." उद्या तू नव्हतास. माफी मागायला गेलो आणि विनोद करून परत आलो. तुला आवडला एवढंच त्यातलं बरं.

शोकसभेच्या दुसऱ्या दिवशी मी कुमुदवहिनींकडे गेलो. पट्टीवर काय कोरणार ते सांगितलं.

"निःस्पृह?" वहिनी म्हणाल्या. "हे? अहो, त्या कोटाच्या मापासाठी आम्ही ट्रेनने दोनदा सिडनीला गेलो. बटणं सोनेरीच हवीत म्हणून शिंप्याशी वाद घातला ह्यांनी."

"वहिनी, त्या दिवशी मी उठलो, पण..."

"माहितीय मला. तुम्ही वाक्य विसरलात." माझ्यापुढे पोह्यांची बशी सरकवून त्या म्हणाल्या, "घरी येऊन म्हणाले, अरविंदा ऐन वेळी गडबडला. चारचौघांत उभं राहिलं की त्याचं पाठांतर उडतं. मग काहीतरी बोलून बसला बिचारा. त्याला ह्यावरून कधी काही बोलू नकोस हं, मनाला लावून घेईल."

मी चमचा बशीत ठेवला. "मग इतके महिने आला नाही तो?"

"लाज वाटली हो. नवा कोट घालून गेले होते ना सगळ्यांसमोर."

"आणि दर वर्षीचा तो आग्रह?"

"ते होय? म्हणायचे, त्याला पद आवडतं, पण संकोचाने दर वर्षी सोडायला उठतो. कारखान्यात त्याला जन्मात कुणी आग्रह केला नाही. आपण नाही करायचा तर कोणी?"

मनोहर, मला आता काही ठरवता येत नाही. तू मंत्रालयातला माणूस. बायकोलाही सरकारी उत्तर दिलं असशील, असं मी स्वतःला सांगून पाहिलं. तुला सगळं कळलं होतं, आणि दर वर्षी मला डांबून तू मजा बघत होतास, असं असतं तर फार बरं झालं असतं. निदान आपण बरोबरीत सुटलो असतो. पण तू खरंच मला विसराळू समजत असशील तर मग काय करायचं? तर मग मी जे शिक्षा समजून सोसत होतो, त्यातून तू माझा मान ठेवत होतास. आणि इतकी वर्षं मनात तुला धूर्त म्हणत आलो, तेही माझ्या हिशेबात.

ह्या शनिवारी मी अध्यक्षपदाचा राजीनामा दिला. कुणीही आग्रह केला नाही. रोहित म्हणाला, "नो वरीज काका, किल्ल्या आणल्यात का?" सवयीने मी शेवटच्या रांगेकडे बघितलं. तिथे कुणीतरी छत्री ठेवली होती.

पट्टीचं कामही मी थांबवायला लावलंय. रोहितला पटलं नाही. "काका, चांगला शब्द आहे, राहू दे ना. गेलेल्या माणसाबद्दल असं कसं लिहायचं की त्याला पद हवं होतं?" मी त्याला म्हटलं, हवं असण्यात वाईट काय आहे? तू चांगला अध्यक्ष झाला असतास. चहा गरम मिळाला असता. भाषणं लांबली असती, पण त्यांत सुंग घराणं असतं. तुला ते मिळालं नाही, ह्याचं कारण तुझा त्याग नाही. कारण मी आहे. तुझ्या नावावर तो त्याग चढवला तर माझी करणी कायमची पुसली जाते, आणि ते मला नको आहे. हे मी एकदाच म्हणतोय, आणि मनापासून. पट्टीवर काय कोरायचं ते हा अंक वाचून झाल्यावर सगळ्यांनी मिळून ठरवावं.

तुला एवढंच सांगायचं होतं. दीपगृहापाशी, तुझ्या दारात, लॅमिंग्टन खाताना, हॉस्पिटलच्या पलंगाशी, प्रत्येक ठिकाणी सांगायचं होतं. मी गडबडलो नव्हतो, मनोहर. वाक्य मला पाठ होतं. तू बघत होतास, तुला काय हवंय ते मला माहीत होतं, आणि माहीत असूनच मी दुसरं बोललो. माझं चुकलं. मला माफ कर.